बातम्या वाचणाऱ्या दोघी



खेडेगावात बातमीच्या दोन जागा पूर्वीपासून ठरलेल्या आहेत. एक पार आणि दुसरी पाणवठा. पारावर पुरुषमाणसे जे बोलतात त्याला आपण बातमी म्हणतो, आणि पाणवठ्यावर बायका जे बोलतात त्याला गप्पा म्हणतो. आता खरं पाहिलं, तर कोणाच्या घरी कोण आजारी आहे, कोणाची विहीर आटली, कोणाची लेक सासरहून परत आली, ही माहिती पाणवठ्यावर आधी पोचते आणि पुष्कळदा ती पारावरच्या माहितीपेक्षा बिनचूक असते. तरी तिला बातमीचा मान नाही. गावाला जाहीर काही सांगायचे असले म्हणजे कोतवाल डफडे वाजवून दवंडी देई. आपल्या वऱ्हाडात तिला मुनारी म्हणतात. मुनारी देणारी बाई मात्र कोणी पाहिली नसेल.

म्हणून आज एक साधा प्रश्न घेऊ. बाईच्या तोंडून आलेल्या शब्दाला बातमीचा मान केव्हा मिळाला, कोणी मिळवून दिला, आणि तो पुरता मिळाला आहे काय? या प्रश्नाच्या निमित्ताने मुंबई दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळातील दोन वृत्तनिवेदिकांची ओळख करून घेऊ. एक भक्ती बर्वे आणि दुसऱ्या स्मिता पाटील. आपण दोघींनाही अभिनेत्री म्हणून ओळखतो. पण महाराष्ट्राच्या घराघरात त्यांचा चेहरा प्रथम गेला तो बातम्या सांगणाऱ्या बाईचा चेहरा म्हणून.

त्याआधीची थोडी हकीकत सांगितली पाहिजे. बातमी आणि मराठी बाई यांची गाठ दूरदर्शनने घातली असे नाही. १९०६ साली तानुबाई बिर्जे यांनी सत्यशोधक चळवळीच्या ‘दीनबंधू’ या पत्राचे संपादन हाती घेतले. म्हणजे कोणती बातमी छापायची आणि कोणती नाही, हे ठरवण्याच्या खुर्चीत एक मराठी बाई शंभराहून अधिक वर्षांपूर्वी बसली होती. ही गोष्ट ध्यानात ठेवा. पुढे आपल्याला तिची गरज लागणार आहे.

मग रेडिओ आला. मुंबईचे केंद्र १९२७ साली सुरू झाले आणि १९३६ साली या साऱ्या व्यवस्थेला ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नाव मिळाले. दिल्ली केंद्रावरून सईदा बानो यांनी १३ ऑगस्ट १९४७ रोजी उर्दू बातम्या वाचल्या. स्वातंत्र्याला दोन दिवस अवकाश होता, फाळणीची आग पेटलेली होती, आणि अशा वेळी देशाची बातमी एका बाईच्या आवाजात ऐकू आली. आपल्याकडे नागपूर केंद्र १९४८ साली सुरू झाले. पुढे पुणे केंद्रावरून सुधा नरवणे यांच्या आवाजात प्रादेशिक बातम्या ऐकण्याची सवय महाराष्ट्राला लागली. अनेक घरांत त्या आवाजावर घड्याळ लावीत असत. बातमी सांगणारी बाई कानाला परकी राहिली नाही, ती अशी.

परंतु आवाज ऐकणे वेगळे आणि चेहरा पाहणे वेगळे. रेडिओवरची बाई आपण डोळ्यांनी पाहत नाही. तिचे वय, तिचा पदर, तिचे कुंकू यांवर चर्चा होत नाही. दूरदर्शनवर ती समोर येऊन बसते, आपल्या डोळ्याला डोळा देते आणि सांगते की आज देशात असे असे घडले. ज्या समाजात सुनेने वडीलधाऱ्यांसमोर मान वर करून बोलू नये अशी रीत होती, त्या समाजात ही गोष्ट लहान नव्हती.

भारतात दूरदर्शनचा प्रयोग दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी सुरू झाला. रोजचे प्रसारण १९६५ साली सुरू झाले आणि त्याबरोबर पाच मिनिटांचे बातमीपत्रही आले. ते वाचणाऱ्या पहिल्या निवेदिका प्रतिमा पुरी. त्या आधी सिमल्याच्या आकाशवाणी केंद्रावर काम करीत होत्या. येथे थोडी बाहेरच्या जगाशी तुलना करू. इंग्लंड हा देश आपल्यापेक्षा पुढारलेला समजला जातो. तेथे बी. बी. सी.ने १९६० साली नॅन विन्टन नावाच्या बाईंना दूरचित्रवाणीवर देशाच्या बातम्या वाचायला बसवले. प्रेक्षकांची मते घेतली, तेव्हा रात्रीच्या बातम्या बाईने वाचणे लोकांना रुचत नाही असे आढळले, आणि काही महिन्यांतच त्यांना त्या कामावरून दूर केले. तेथे ही गोष्ट अंगवळणी पडायला १९७५ साल उजाडावे लागले. आपल्याकडे मात्र रोजच्या बातमीपत्राच्या आरंभापासून त्या खुर्चीत बाई होती.

याचा अभिमान वाटायला हरकत नाही. पण हे असे का झाले, हेही विचारले पाहिजे. त्याचे उत्तर थोडे पुढे.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. चित्र काळे-पांढरे होते. प्रसारण संध्याकाळचे काही तास चाले. पुढच्या वर्षी पुण्याला सहप्रक्षेपण केंद्र झाले आणि पुणेकरांना मुंबईचे कार्यक्रम दिसू लागले. मुंबई केंद्रावर पहिल्या मराठी बातम्या वाचणारे म्हणून डॉ. विश्वास मेहेंदळे यांचे नाव घेतले जाते. त्याच सुरुवातीच्या वर्षांत भक्ती बर्वे आणि स्मिता पाटील या दोघींनी मराठी बातम्या वाचल्या. आपल्या विदर्भात त्या वेळी हे चित्र दिसत नव्हते. वाशीम तेव्हा अकोला जिल्ह्यात होते आणि आपल्या गावांत रेडिओ हीच बातमीची वाट होती. चौकातील एका रेडिओभोवती वीसपंचवीस माणसे बसत. चित्र आपल्याकडे खऱ्या अर्थाने पोचले ते १९८२ नंतर, प्रक्षेपकांचे जाळे देशभर पसरले तेव्हा.

आता बातम्या वाचणे म्हणजे नेमके काय, ते समजून घेऊ. पुष्कळांना वाटते, समोर कागद आहे, अक्षर ओळख आहे, वाचले की झाले. तसे नाही. बातमीपत्र थेट चालू असते. तोंडातून गेलेला शब्द पुसता येत नाही. चुकले तर क्षमा मागून पुढे जायचे. पुष्कळदा बातमी अगदी शेवटच्या क्षणी हातात येते आणि आधी एकदासुद्धा डोळ्याखालून न घालता ती वाचावी लागते. वाचणारा कागदावर ओळीचा अर्धा भाग नजरेने उचलतो, मान वर करून तो सांगतो, आणि पुन्हा खाली पाहून पुढचा भाग उचलतो. आता समोरच्या पडद्यावर अक्षरे सरकतात, पण आरंभीच्या काळात हातातल्या कागदावरच सारा भार असे. कागदाची सळसळसुद्धा मायक्रोफोन पकडतो, म्हणून पान उलटण्याचीही एक रीत असते. श्वास कोठे घ्यायचा, हे आधी ठरवावे लागते. चुकीच्या जागी थांबले की अर्थ पालटतो. “बंदी उठवली नाही, असे मंत्र्यांनी सांगितले” हे वाक्य ‘उठवली’ या शब्दावर थांबून वाचा म्हणजे काय घोटाळा होतो ते लक्षात येईल. आणि सर्वांत अवघड गोष्ट म्हणजे चेहरा. अपघाताची बातमी हसत सांगता येत नाही आणि रडतही सांगता येत नाही. मनातला क्षोभ आवरून, तरी दगडासारखे न होता, माणसाने माणसाला सांगावे तसे सांगायचे असते.

भक्ती बर्वे यांनी ही विद्या रेडिओवर आणि रंगभूमीवर मिळवली. त्यांचा जन्म १९४८ साली सांगलीला झाला. लहानपणापासून त्या बालनाट्यांत काम करीत. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर त्यांनी निवेदिकेचे काम केले आणि तेथून त्या दूरदर्शनवर आल्या. १९७५ साली पु. ल. देशपांडे यांचे ‘ती फुलराणी’ हे नाटक आले आणि त्यातील मंजुळेच्या भूमिकेने त्यांचे नाव महाराष्ट्रभर झाले. ते नाटक बर्नार्ड शॉ यांच्या ‘पिग्मॅलियन’वरून घेतलेले आहे. रस्त्यावर फुले विकणारी एक मुलगी, आणि तिला शुद्ध बोलायला शिकवून दाखवीन अशी पैज मारणारा एक प्राध्यापक, असा त्याचा विषय. योगायोग पाहा. ज्या बाई दूरदर्शनवर अत्यंत स्वच्छ, प्रमाण मराठीत बातम्या सांगत, त्याच रंगमंचावर बोलीभाषेतल्या मुलीचा राग, तिचा अपमान आणि तिचा स्वाभिमान प्रेक्षकांसमोर मांडीत.

शिक्षक बंधुभगिनींनो, हा प्रश्न आपल्या अगदी जवळचा आहे. आपल्याकडची पोर ‘पाणी’ला ‘पानी’ म्हणते, ‘शाळा’ला ‘शाया’ म्हणते आणि ‘काय करून राह्यली’ असे विचारते. ही तिची मायबोली आहे आणि तिच्यात काही एक चूक नाही. वऱ्हाडीचा गोडवा आपल्याला ठाऊक आहे. ‘ण’ आणि ‘ळ’ स्पष्ट उच्चारणे ही वेगळी विद्या आहे, सायकल शिकावी तशी ती शिकता येते. पण शिकवताना आपण काय करतो? पोर ‘शाया’ म्हणाली की वर्ग हसतो, कधी कधी गुरुजीही हसतात. पुढच्या वेळी ती उभीच राहत नाही. तिला ‘ळ’ तर आला नाहीच, वर आवाजही गेला. भक्ती बर्वे यांना दोन्ही भाषा येत होत्या आणि दोन्हींचा त्यांना मान होता, हे आपण त्यांच्याकडून घेण्यासारखे आहे. १९९० साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १२ फेब्रुवारी २००१ रोजी मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर मोटार अपघातात त्यांचे निधन झाले.

स्मिता पाटील यांची कथा वेगळी. त्यांचा जन्म १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यात झाला. घर मूळचे खानदेशातले. वडील शिवाजीराव पाटील हे शिरपूरकडचे, राजकारणात आणि समाजकार्यात वावरलेले. आई विद्याताई परिचारिका होत्या. राष्ट्र सेवा दलाचे संस्कार घरात होते. दूरदर्शनवर बातम्या वाचू लागल्या तेव्हा स्मिता पाटील विशीच्या आतल्या होत्या. सावळा रंग, मोठे डोळे, ठाम आवाज. त्या काळी गोऱ्या रंगाला केवढी किंमत होती हे तुम्हांला सांगायला नको; आजही लग्नाच्या जाहिराती पाहिल्या म्हणजे ती कमी झालेली दिसत नाही. अशा वेळी एक सावळी मुलगी रोज महाराष्ट्राच्या नजरेला नजर देऊन बातम्या सांगत होती, आणि लोक तिचे ऐकत होते.

त्यांची एक हकीकत त्यांच्या सहकाऱ्यांनी पुष्कळदा सांगितली आहे. त्या जीन्स घालून केंद्रावर येत, आणि बातम्यांची वेळ झाली की त्यावरच साडी गुंडाळून खुर्चीत बसत. मेजाच्या वरचे तेवढे पडद्यावर दिसे. ऐकायला ही गंमत वाटते, पण तिच्यात अर्थ आहे. बाईने बातमी सांगावी हे लोकांनी मान्य केले होते, मात्र ती कशी दिसावी याची अट सुटलेली नव्हती.

दिग्दर्शक श्याम बेनेगल यांनी त्यांना दूरदर्शनवर पाहिले आणि ‘चरणदास चोर’ या १९७५ सालच्या चित्रपटात घेतले. मग ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’ असे चित्रपट आले. ‘भूमिका’ हा हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथेवर आधारलेला. मराठीत ‘जैत रे जैत’ आणि ‘उंबरठा’ आपण पाहिले असतील. ‘भूमिका’ आणि ‘चक्र’ यांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, १९८५ साली पद्मश्री मिळाली. १३ डिसेंबर १९८६ रोजी, बाळंतपणानंतर अवघ्या पंधरवड्यात, एकतिसाव्या वर्षी त्या गेल्या. शहरातली, नामवंत, पैशाला कमी नसलेली बाई बाळंतपणानंतर वाचू शकली नाही, ही गोष्ट आपल्या गावांतील लेकीसुनांच्या संदर्भातही विसरू नये. ओटीत मूल आले म्हणजे धोका टळला असे नसते. त्यानंतरचा दीड महिना तितकाच जपण्याचा असतो.

आता मघाच्या प्रश्नाकडे वळू. आपल्याकडे बातम्यांच्या खुर्चीत बाई इतक्या लवकर कशी बसली? एक कारण रेडिओ. त्याने कान तयार केले होते. दुसरे कारण स्वातंत्र्यानंतर शिकलेल्या मुलींची पहिली पिढी कामासाठी उभी होती. पण तिसरे कारण तितकेसे गोड नाही. बातमी वाचणे आणि बातमी ठरवणे ही दोन वेगळी कामे आहेत. कोणती बातमी पहिली घ्यायची, कोणती गाळायची, कोणता शब्द वापरायचा, हे वाचणारीच्या हातात नव्हते. २५ जून १९७५ रोजी आणीबाणी जाहीर झाली आणि मार्च १९७७ पर्यंत राहिली. वृत्तपत्रांवर सेन्सॉर बसला. आकाशवाणी आणि दूरदर्शन तर सरकारच्याच खात्यात होते. त्या काळात जे कागदावर येई ते वाचले जाई. शब्द दुसऱ्याचा, आणि चेहरा मात्र वाचणाऱ्याचा. एप्रिल १९७६ मध्ये दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळे झाले, आणि दोन्ही प्रसार भारती या स्वायत्त मंडळाकडे आली ती १९९७ साली. स्वायत्तता कागदावर असणे आणि कारभारात असणे यांतले अंतर आजही चर्चेचा विषय आहे.

हे केवळ दूरदर्शनचेच आहे असे समजू नका. आपल्या शाळा-महाविद्यालयांतील समारंभ आठवा. सूत्रसंचालन मुलीकडे, स्वागतगीत मुलींकडे, आभार मुलीकडे. आणि व्यासपीठावर मधल्या खुर्चीत अध्यक्ष म्हणून बहुधा पुरुष. २०११ सालापासून महाराष्ट्रात ग्रामपंचायत आणि जिल्हा परिषदेत स्त्रियांना निम्म्या जागा राखीव आहेत. बाई सरपंच होतात, सही करतात; पण काही गावांत ग्रामसभेला बोलायला त्यांचे यजमान उठतात. बाईचा आवाज चालतो, निर्णय चालत नाही. तानुबाई बिर्जे १९०६ साली ज्या खुर्चीत बसल्या, ती आणि निवेदिकेची खुर्ची यांतला फरक हाच. पहिली खुर्ची बाईला अजून अवघडच वाटेने मिळते.

पण वाट आहे, आणि ती खेड्यातूनही जाते. उत्तर प्रदेशात चित्रकूट भागात २००२ साली ‘खबर लहरिया’ नावाचे पत्र निघाले. ते ग्रामीण बायकांनी चालवले, त्यांत दलित समाजातील बायका पुष्कळ होत्या, आणि भाषा होती त्यांची स्वतःची बुंदेली. हातपंप नादुरुस्त आहे, रस्ता कागदावरच झाला आहे, अशा बातम्या त्यांनी स्वतः गावोगाव फिरून आणल्या. आपल्या महाराष्ट्रात सातारा जिल्ह्यात म्हसवडला ‘माणदेशी तरंग’ हे सामुदायिक रेडिओ केंद्र उभे राहिले. तेथे माणदेशातल्या बायका माणदेशी बोलीत बोलतात. पाणवठ्यावरची माहिती अशी बातमी होऊन आली. भक्ती बर्वे आणि स्मिता पाटील यांनी आवाजाचा आणि चेहऱ्याचा मान मिळवला, आणि या बायकांनी बातमी ठरवण्याचा मान मिळवला. पहिले काम झाले नसते तर दुसरे सुचलेच नसते.

शेवटी शिक्षकांसाठी दोन-चार व्यवहाराच्या गोष्टी सांगतो. आपल्या प्रत्येक शाळेत सकाळच्या परिपाठात बातम्या वाचल्या जातात. रिसोड असो की मानोरा, ही दोन मिनिटे सगळीकडे असतात. त्या दोन मिनिटांत पुष्कळ काही होऊ शकते. बातमी वाचण्याची पाळी हजेरीच्या क्रमाने द्यावी. ज्यांचे उच्चार आधीच स्वच्छ आहेत अशा दोघातिघांनाच ती देऊ नये. बातमी आदल्या दिवशी मुलीच्या हातात द्यावी, तिला तिचा अर्थ विचारावा, कठीण नावे दोनदा म्हणून घ्यावीत आणि कोठे थांबायचे तेथे पेन्सिलीने खूण करायला लावावी. कोणी अडखळले तर हसण्याला वर्गात बंदी असावी, आणि ती गुरुजींनी आधी पाळावी.

आणि सर्वांत महत्त्वाचे, आठवड्यातून एक दिवस बातम्या कोणत्या घ्यायच्या हे मुलांनाच ठरवू द्यावे. वर्तमानपत्रातल्या तीन आणि आपल्या गावची एक. गावची बातमी मुलांनी स्वतः विचारपूस करून आणावी. शाळेच्या नळाला तीन दिवस पाणी नाही, ही बातमी आहे. एस. टी.ची सकाळची फेरी बंद झाल्यामुळे पाच मुली शाळेत येत नाहीत, हीही बातमी आहे. ती कोणाला विचारून खरी करून घेतली, हे मुलीने सांगावे. एवढे झाले म्हणजे ती नुसती वाचणारी राहणार नाही. कोणती गोष्ट गावाने ऐकलीच पाहिजे, हे ठरवण्याची सवय तिला दहाव्या-बाराव्या वर्षी लागेल. पुढे ती पडद्यावर येवो, ग्रामसभेत उभी राहो, की आपल्या घरात चार माणसांसमोर बोलो, ती सवय तिच्या उपयोगी पडल्यावाचून राहणार नाही.